पत्र्याच्या फळ्या

"रांग आहे," पर्किस म्हणाला. "सगळ्यांना आहे, तशी तुम्हालाही आहे."

समोर फ्लाइट लेफ्टनंट हॅलम टोपी काखेत धरून उभा होता. त्याने आणलेलं स्पिटफायर बाहेर गवतावर अजून गरम होतं. न बोलावता आलेलं हे त्या आठवड्यातलं सातवं विमान.

ही विमानं कशासाठी येतात ते कारखान्याच्या शेडमधल्या झाडूवाल्यालाही ठाऊक होतं. तीन वर्षांत स्पिटफायर पार बदललं होतं. दोन पात्यांचा लाकडी पंखा जाऊन तीन पात्यांचा आला, इंजिन थोरलं झालं, बंदुकांच्या जोडीला तोफा आल्या. प्रत्येक नवा अवतार आधीच्यापेक्षा वेगवान. पण पंखांच्या मागच्या कडेला ज्या हलत्या फळ्या असतात, ज्यांच्या जोरावर विमान कुशीवर वळतं, त्या मात्र कापडाने मढवलेल्याच राहिल्या होत्या. वेग वाढला की ते कापड फुगायचं, आणि वैमानिकाने दोन्ही हातांनी सुकाणूचा दांडा रेटला तरी विमान ढिम्म हलायचं नाही. आता कुठे पत्र्याच्या फळ्या तयार होऊ लागल्या होत्या, त्याही मोजक्या. ज्याला मिळाल्या तो सुटला. ज्याला मिळाल्या नाहीत तो फोरमनपुढे गयावया करायला यायचा.

आणि फोरमन होता हर्बर्ट पर्किस. एकदा शाळेच्या शर्यतीत तो पंच होता. त्याचा स्वतःचा मुलगा डेनिस आणि दुसरा एक पोरगा दोरीपाशी अगदी एकदम पोचले. पर्किसने डोळ्याची पापणी न लववता दुसऱ्याला पहिला नंबर दिला. लोक काय म्हणाले असते? डेनिस तेव्हा नऊ वर्षांचा होता. तो रडला नाही, पण घरी येईपर्यंत बापाशी एक शब्द बोलला नाही.

"मी माझ्यासाठी मागत नाहीये," हॅलम म्हणाला. "माझ्या मागे उडतो त्या पोराचं विमान आहे हे. मी नुसतं घेऊन आलोय."

"मग तो का नाही आला? पाय दुखतात का त्याचे?"

"लाजतो." हॅलम हसला. "आम्ही त्याला पाद्री म्हणतो. शिवी देत नाही, पत्त्यांत लबाडी करत नाही, चहाला उभा राहिला तरी दुसऱ्याला पुढे सोडतो. असल्या माणसाला वशिला लावायला कोण पाठवणार?"

"मुलगा चांगला दिसतो."

"चांगला आहे हो. पण काल एक जर्मन त्याच्या मागे लागला आणि त्याला वळताच येईना. नशिबाने वाचला. रोज रोज नशीब कुठून आणायचं, मिस्टर पर्किस?"

पर्किसने खिडकीबाहेर पाहिलं. "गुरुवारपर्यंत एकही जोडी नाही."

नोंदी ठेवणारी ग्वेन टेबलावरून मान वर करून म्हणाली, "अहो, ती कोपऱ्यातली..."

"ती सदोष आहे, ग्वेन."

ग्वेन पुन्हा नोंदींकडे वळली. फोरमनने म्हटलं सदोष, म्हणजे सदोष. त्याच्या शब्दावर शंका घ्यायची कुणाची छाती नव्हती.

पण ती जोडी ठणठणीत होती. पर्किसने सोमवारी स्वतःच्या हाताने ती ताडपत्रीखाली सरकवली होती. डेनिसही स्पिटफायरच उडवत होता. कुठल्या तळावर, ते बापालाही माहीत नव्हतं. वैमानिकांच्या बदल्या सारख्याच होत. पर्किसने त्याच्या जुन्या पत्त्यावर पत्र टाकलं होतं: विमान घेऊन ये, कुणाला काही बोलू नकोस. तीस वर्षांत केलेली ही पहिली लबाडी. तिच्यापायी त्याला जेवण जात नव्हतं. बायको गेल्यापासून त्या मुलाखेरीज त्याला या जगात कुणी नव्हतं.

हा पाद्रीही कुणाचा तरी मुलगा असेल, असं त्याच्या मनात आलं. त्याला स्वतःची लाज वाटली. तरी तो जागचा हलला नाही.

"तुमच्याबद्दल ऐकलं होतं," हॅलम टोपी चढवत म्हणाला. "अगदी तसेच निघालात." आणि कापडी फळ्यांचं ते विमान घेऊन तो परत गेला.

त्यानंतर दोन दिवस एखादं विमान उतरलं की पर्किस हातातलं काम टाकून दारात यायचा. डेनिस आला नाही.

गुरुवारी सकाळी हॅलम आला, तो मोटारीने. दाढी केलेली नव्हती. पर्किसला त्याच्याकडे बघताच कळलं.

"पाद्री?"

"काल दुपारी. मी ओरडत होतो, वळ, डावीकडे वळ. तो जीव खाऊन दांडा रेटत असणार. विमान वळलंच नाही." हॅलमने खुर्ची पुढे ओढली. "मिस्टर पर्किस, तुम्ही जरा बसता का?"

"नाही बसत. आधी माझं ऐका." पर्किस कोपऱ्याकडे निघाला. "मी तुमच्याशी खोटं बोललो. एक जोडी होती. ही बघा." त्याने ताडपत्री खस्सकन ओढली. ग्वेन उठून उभी राहिली. "माझ्या मुलासाठी दडवून ठेवली होती मी. तुमच्या पोराचा जीव मी घेतला. माझी तक्रार करा, मला फासावर द्या, काय हवं ते करा."

हॅलम त्या चकचकीत पत्र्याकडे पाहत राहिला.

"नाव सांगू नका म्हणून त्याने मला शपथ घातली होती," अखेर तो म्हणाला. "म्हणाला, विमान माझं आहे हे बाबांना कळलं, तर ते माझा नंबर कधीच लागू द्यायचे नाहीत."