टपालातली भाकर

"आई, मी परत येतो. इथलं उकडलेलं अन्न घशाखाली उतरत नाही."

सेवालाल गुरुजींनी विलायतेचं पत्र वाचलं आणि धनीबाईनं कपाळावर हात मारला. रिठदजवळच्या त्या तांड्यातून कॉलेजात गेलेला तिचा उदयसिंग पहिलाच. अन् तो कापडाचं शिक्षण अर्धवट टाकून येणार?

"लिवा गुरुजी. डिग्री घेतल्याबिगर तांड्यात पाय ठेवू नको म्हना. भूक लागते तर भाकर शीक. मी सांगीन तशी थाप."

शेजारची गोजराबाई फिदीफिदी हसली. "पोट्ट्याले भाकर? कायले वो?"

"माह्या घरात सूनबी आंगनात भाकर थापल्याबिगर उंबरठा वलांडत नाही. मंग पोराले काहून न यावी?"

पत्रं सुरू झाली. ज्वारी तिथं मिळेना, मक्याचं पीठ मिळालं. पहिली भाकर मोडली. धनीबाईनं कळवलं, पाणी उकळतं घे. दुसरी परातीलाच चिकटली. तिनं कळवलं, खाली कोरडं पीठ पसर. एकदा पत्र आलं, थापताना केस डोळ्यांवर येतात.

"मंग काप ना बाप्पा! लिवा गुरुजी, कानापर्यंतच ठेव म्हना."

परत येण्याचं मात्र पुन्हा कुठल्याच पत्रात नव्हतं.

तिसऱ्या वर्षी कळलं, भाकर टम्म फुगली. पाठोपाठ दुसरं पत्र : पास झालो, येतो. धनीबाईनं तांडाभर गूळ वाटला. पहिला खडा गोजराबाईला.

मालेगावहून भाड्याची मोटार आली, बाभळीपाशी थांबली. उदयसिंग एकटाच चालत आला. धनीबाईनं अंगणात चूल पेटवूनच ठेवली होती. सगळा तांडा गोळा झालेला.

"पाया मंग पड. आंधी भाकर थाप!"

तो बसला. पीठ कोपरापर्यंत माखलं, भाकरीचे तीन तुकडे झाले. गोजराबाईला हसू आवरेना.

धनीबाईचा चेहरा पडला. "तीन वर्सं मले खोटं लिवलं रे?"

"खोटं नाही, आई," म्हणत तो मोटारीकडे गेला आणि लुगडं नेसलेल्या एका उंच, गोऱ्या बाईला घेऊन आला. ती चुलीपुढं बसली. उकळतं पाणी घेतलं, कोरडं पीठ पसरलं, थापली. तव्यावर भाकर टम्म फुगली.

गोजराबाईचा आ वासलेला. "हिले कोनं शिकवलं वो?"

बाईनं कानाशी कापलेले केस मागं सारले आणि धनीबाईकडं बोट केलं.

"आईनं. केसबी आईनंच कापाले लावले."