हेमलाबाईचा होकार

सुनावणीच्या मधल्या जेवणाच्या सुट्टीत व्यापाऱ्यांचा वकील स्वतःच बाहेर आला आणि इंद्रभानच्या खांद्यावर हात टाकून त्याला बाजूला घेऊन गेला. वाशिमच्या कामगार कार्यालयाच्या व्हरांड्यात हमालांनी शिदोऱ्या सोडल्या होत्या. त्यांच्यात हेमलाबाई ही एकटीच बाई.

टोळीचा म्होरक्या इंद्रभान परत आला, पण जेवायला बसला नाही.

"तयार झाले," तो म्हणाला. "मालेगावच्या यार्डातल्या सगळ्या हमालाइची नोंद माथाडी मंडळात करतो म्हणतात. आजच लिहून देतात."

टोळीतल्या मुकेशच्या हातातला घास हातातच राहिला. "आजच?"

"आजच. फक्त चाळणीवाल्या बायाइचा अर्ज मागं घ्या म्हणतात. बाया मजूर नाईत, त्या सांडलेलं सोयाबीन वेचाले येतात, असं त्याइचं म्हणनं हाय."

एकेक करून सगळे हेमलाबाईकडे पाहू लागले. यार्डात धान्य चाळणाऱ्या बायांच्या वतीनं तीच आली होती.

"तुमचं नाव पुढं लावू आपन, हेमलाबाई," इंद्रभान म्हणाला. "आमचं एकदा लागलं का जोर येते. तुमी फक्त हो म्हना."

हो म्हणणं सोपं होतं. मुकेशची कंबर गेल्या हंगामात धरली होती, रात्री त्याला कूसही बदलता येत नव्हती. मंडळात नाव लागलं तर त्याचं दवापाणी झालं असतं. शब्द तिच्या ओठांवर आलाही. तेवढ्यात तिला तिच्यासोबत चाळणाऱ्या मोतीबाईचा हात आठवला. चाळणीच्या यंत्रात बोटं गेली, तेव्हा 'ही बाई आमच्याकडं कामाले नव्हतीच' म्हणून व्यापारी मोकळा झाला होता.

"भाऊ," हेमलाबाई म्हणाली, "सोडाचं असंन तं सोडा आमाले. मी आडवी येत नाई. पण हेमलानं हो म्हटलं, असं साहेबाले सांगू नका. मी म्हटलं नाई."

कुणीतरी रागानं डबा मिटला.

सुट्टीनंतर आत कामगार अधिकारी साहेबांनी कागद पुढे ओढले. "बायांचा अर्ज मागे घेता ना?"

इंद्रभाननं दुपट्ट्यानं तोंड पुसलं. दारात उभ्या असलेल्या हेमलाबाईकडे त्यानं पाहिलं नाही.

"नाई साहेब," तो म्हणाला. इतकं हळू, की साहेबांनी पुन्हा विचारलं. "टोळी एकच हाय, साहेब. बाया चाळतात, तवा आमी पोते भरतो. लागन तं सगळ्याइचं नाव लागन."

वकिलानं फाईल मिटली. पुढची तारीख पडली.

बसस्थानकापर्यंत कुणी हेमलाबाईशी बोललं नाही. तिथं मुकेश तिच्यासमोर येऊन उभा राहिला.

"मावशी, तुमी एक शब्द बोलल्या असत्या तं आज माह्यं नाव लागलं असतं."

"हो," ती म्हणाली. "लागलं असतं."

तो आणखी काही ऐकायची वाट पाहत थांबला.

मालेगावची गाडी लागली तशी गर्दी दाराशी लोटली. मुकेशनं खिडकीतून दुपट्टा टाकून जागा धरली. हेमलाबाई चढली, तेव्हा तो दोघांच्या सीटवर कडेला बसला होता. कमरेवर हात दाबत तो उठला आणि त्यानं तिला खिडकीकडे जाऊ दिलं.

गाडी गावाबाहेर आल्यावर तो तोंड समोर ठेवूनच म्हणाला, "साहेबासमोर इंद्रभानकाकाचा आवाज बसते. पुढच्या तारखेले आतमंदी तुमीच बोला."

"बोलतो," हेमलाबाई म्हणाली.