खरी वाक्यं

प्रतीक्षाच्या वहीत ‘टेक’ (take) या इंग्रजी क्रियापदाची चार वाक्यं होती आणि चौथं तिने सगळ्यांत सुबक अक्षरात लिहिलं होतं. वाक्यं स्वतःच्या आयुष्यातली, खरीच हवीत, हा टाकवे गावात फावल्या वेळात इंग्रजीचा वर्ग घेणाऱ्या तेजलमॅडमचा नियम.

मी चहा घेते. मी फोटो काढते. कामाला वेळ लागतो. आणि चौथं: ‘आमच्या हॉटेलचे मॅनेजर सूरज कांबळे मला दर रविवारी तिकोना किल्ल्यावर नेतात.’

“लय चुकलंय का, मॅडम?”

“नाही गं. एकही चूक नाही.”

घरी तेजलचा नवरा सूरज शर्टाला इस्त्री करत होता. “उद्या रविवार. लोणावळ्यात ही गर्दी! ड्युटी चुकत नाही बघ.”



“हैदराबादच्या प्रयोगशाळेतल्या संशोधकाच्या नोकरीला दोन वर्षं तुझ्यासाठी नाही म्हणत होते,” तेजल म्हणाली. “सोमवारी रुजू होतेय.”