पापाचे दगड

“ए बाई, तो दगड खाली ठेव आधी!” फ्रोइलान गोठ्यातून ओरडला. डच बाईला त्याची भाषा कुठली कळायला! म्हातारा आशीर्वाद देतोय असं समजून तिने छातीवर हात ठेवला, दगड पाठीवरच्या पिशवीत टाकला आणि ती चालू लागली.

स्पेनमधल्या सांतियागोच्या संताकडे जाणारी ही जुनी वाट कित्येक शतकं ओस पडली होती. हौशी मंडळींनी पिवळे बाण रंगवून ती पुन्हा जिवंत केली, आणि तिच्याबरोबर जुनी रीतही. घरून एक दगड आणायचा, आपलं पाप म्हणून खिंडीतल्या क्रुसापाशी टाकायचा आणि हलकं व्हायचं. पण एवढ्या लांबून दगड वाहायचा म्हणजे पाठ मोडते. म्हणून शहाणे यात्रेकरू खिंडीच्या अलीकडे थांबून फ्रोइलानच्या शेताच्या दगडी गडग्यातलाच एखादा बेताचा दगड उचलत.

हा गडगा साधा नव्हता. बाप गेल्यावर वाटणीवरून फ्रोइलानचं थोरल्या भावाशी, तोरिबियोशी, वाजलं. मग दोघांनी आपापल्या बाजूने दगड रचून तो उभा केला. दोघांनी मिळून केलेलं तेवढं शेवटचं काम. तेव्हापासून अबोला, आणि पलीकडे मान वळवायची नाही हा फ्रोइलानचा नेम. तिकडे तोरिबियोचा कोबी, इकडे फ्रोइलानची गाय. गाय कोबीत शिरली तर भावापुढे मान खाली घालावी लागणार. त्यापेक्षा मेलेलं बरं!

“फादर, लोक माझा गडगा चोरतायत!” तो चर्चमध्ये जाऊन म्हणाला.

“चोरी नव्हे रे, श्रद्धा आहे ती. तिच्यावर गावातल्या तीन खानावळी चालतात. गप बस.”

शेवटी तो हातगाडी घेऊन स्वतःच क्रुसापाशी गेला. त्याने दगड भरायला घेतले, तोच सेव्हिलचा एक यात्रेकरू अंगावर धावून आला. “आमची पापं कुठे घेऊन चाललास?” फ्रोइलान रिकामी गाडी ढकलत परतला.

चार उन्हाळ्यांत गडगा गुडघ्यावर आला. एका सकाळी गोठा रिकामा दिसला. फ्रोइलान धावला. गाय कोबीच्या मधोमध उभी राहून निवांत चरत होती. शेजारी काठी टेकून तोरिबियो. भाऊ एवढा वाकलाय हे फ्रोइलानला ठाऊकच नव्हतं.

“हिने... कोबी खाल्ला तुझा, दादा.”

“खाऊ दे. मला आता चाववतो कुठे?”

उरलेल्या गडग्यावर दोघे टेकले. तेवढ्यात माद्रिदचा एक यात्रेकरू आला. इकडेतिकडे बघत तो दगडासाठी हळूच वाकला आणि दोघांना पाहून ओशाळला.

फ्रोइलानने उठून बसल्या जागेचाच दगड उचकटला आणि त्याच्या हातात दिला.

“हा न्या. अस्सल पाप आहे, दोन भावांचं.”