धाकटीला कोण आणणार

“काका, तुम्ही कॅमेऱ्याकडे पाहताय. दाराकडे पाहून विचारा.”

“दारात अजून कोणी आलं का वं? कोणाले विचारू?” रुपराव खेकसले. “महालक्ष्म्या आणून राहिलो का सर्कस करून राहिलो?”

अंगणात उभ्या जिजाबाईंनी हे ऐकलं आणि हातातला मुखवटा छातीशी आणखी घट्ट धरला. नवऱ्याचं डोकं तापलेलं आज परवडणारं नव्हतं.

सणांवर डॉक्युमेंटरी करते म्हणून ही कॅमेरावाली रितिका आली होती. नागपुरात एवढी घरं सोडून नेमकी महाल भागातल्या या गल्लीत आली, ही देवीचीच करणी, असं जिजाबाईंनी मनाशी ठरवून टाकलं होतं. त्यात पोरीचा हट्ट, सगळं रीतीप्रमाणे हवं. या घरची रीत अशी, की थोरली महालक्ष्मी घरच्या सुनेनं आणायची आणि धाकटी लेकीनं.

लेक होती. मिनल. तिनं जातीबाहेर लग्न केलं, तेव्हा रुपरावांनी साऱ्या भाऊबंदांसमोर सांगितलं होतं, “माह्या उंबरठ्यावर तिचं पाऊल पडणार नाही.” इतवारीच्या बाजारात भांडी विकून म्हातारा झालेला माणूस. सांगितलेला भाव त्यानं कधी उतरवला नाही, शब्द कुठून फिरवणार?

तेव्हापासून धाकटी शेजारची श्वेता आणायची. आजही तीच आणणार, असं जिजाबाईंनी नवऱ्याला सांगितलं होतं.

पण नाकापर्यंत पदर ओढून मागे उभी होती, ती श्वेता नव्हती.

“आई, बाबा हाकलतीन वं मले.”

“कॅमेऱ्यासमोर? सणाच्या दिवशी? चूप राह. अन् थरथरू नको, महालक्ष्मी पडन हातातून.”

आतून रितिकाचा आवाज आला, “हं, या आता.”

थोरलीला घेऊन जिजाबाई रीतीप्रमाणे आत गेल्या आणि वळून पाहत राहिल्या. कुंकवाच्या पावलांवरून धाकटी दारापर्यंत आली.

“कोण आलं?” रुपरावांनी विचारलं.

“महालक्ष्मी आली.”

“कशाच्या पावलांनी आली?”

पदराआडून हुंदका आला. जिजाबाईंनी डोळे मिटून घेतले. झालं. ओळखलं.

“सांग ना वं,” रुपराव उंबरठ्यापाशी आले. “कशाच्या?”

“सोन्याच्या.”

“मंग बाहेर काहून उभी हायेस? ये.”

मिनल आत आली. पदर कधीच घसरला होता. रुपराव तिच्याकडे पाहत राहिले आणि मग रितिकावरच ओरडले, “आता बंद कर ना ते! अन् पाहून काय राहिले सगळे? देवीसंगं आलेलीले कोणी बाहेर काढते का? पाट मांडा तिचा.”

नैवेद्य झाल्यावर रितिकाच्या ताटात भाजी-भाकर वाढताना जिजाबाईंच्या पोटात आनंद मावत नव्हता.

“रागावू नको पोरी, तुले न सांगता बाई बदलली मी. साऱ्या संसारात पहिल्यांदा यांच्यापेक्षा हुशार निघाली पाह!” त्या हसल्या. “पण तुले आमचंच घर कसं सापडलं वं?”

रितिका भाकर मोडता मोडता थांबली.

“काकू, काकांनी सांगू नको म्हटलं होतं. माझी फिल्म तर पोळ्यानंतरच्या मारबतीच्या मिरवणुकीवर आहे. मी नाहीच म्हणत होते, पण काका आमच्या ऑफिसातून उठायलाच तयार नाहीत. म्हणाले, ‘तू फक्त कॅमेरा लाव अन् रीत लावून धर. लेकीले आणाचं काम आमची जिजा बरोबर करते.’”