राक्षस आला की पाणी

"नाना, तुम्ही राक्षसाला घाबरता का हो?"

अरफानं विचारूनच टाकलं. मैत्रिणींची पैज होती. त्यांतली रुपाली शेजारीच तोंड दाबून बसली होती.

नाना शेंगा सोलत होते. "व्हय," ते म्हणाले, "लई."

"एवढे ताडमाड नाना, अन् राक्षसाला?" रुपाली फिसकन हसली.

तो जुना जादूचा सिनेमा घरात दहा वेळा तरी पाहून झाला होता. राक्षस आला की अरफा डोळे मिटायची आणि नाना पाणी प्यायला उठायचे. चार वर्षांची असताना त्याला बघून तिला तीन दिवस ताप आला होता. नानांनी आपल्या तरुणपणीच्या मुंबईच्या गोष्टी सांगणंही तेव्हाच सोडलं. वय झालं, अम्मी म्हणायची.

उद्या नाना गावी, राहात्याला जाणार होते, एकटेच राहायला. इथला सावेडीतला फ्लॅट लहान, अरफाची दहावी, आणि नाना घोरायचे. स्वतंत्र खोलीचा हट्ट तिनंच धरला होता. आता तोच तिला खुपत होता. म्हणून निरोपाचा सिनेमा तरी थाटात व्हायला हवा होता.

"मोबाईलवरच बघू की," नाना म्हणाले. "बारीक चित्र बरं."

"जादू काय खिशात मावते का, नाना? अंधार पाहिजे, भिंतभर पडदा पाहिजे."

रुपालीनं भावाचा प्रोजेक्टर आणला होता. भर दुपारी खिडक्यांवर सोलापुरी चादरी चढल्या. पांढरी चादर भिंतीवर नानांनी ठोकली, स्टूल न घेता. लहानपणी चारा कापायच्या कडबाकुट्टीत अर्धी गेलेली करंगळी सांभाळत त्यांनी खिळा धरला.

सिनेमा सुरू झाला. राजकन्या बागेत आली, तसे नाना उठले.

"बसा ना. मी हात धरते तुमचा."

"तहान लागली, बेटा."

ते गेले. केसाळ राक्षस भिंतभर उभा राहिला. आज अरफानं डोळे मिटले नाहीत. त्यानं राजकन्येला उचललं, अगदी अलगद, झोपलेल्या पोरीला उचलावं तसं. चार बोटांना वीतभर नखं होती. करंगळी अर्धीच होती.

ती उठून आतल्या खोलीत गेली. अम्मी नानांची बॅग भरत होती, अब्बा चेन ओढत होते. अरफानं बॅग उघडली आणि सदरे परत कपाटात ठेवले.

"अम्मी, अब्बा," ती म्हणाली, "राक्षस कुठंही जाणार नाही. तो माझ्याच खोलीत झोपणार."