परवानगी न मागणारा प्रोग्राम

"मॅडम, फाइलींची नावं आपोआप बदलतायत!" रक्तपेढीतला गावित ओरडला. "आपल्याच प्रोग्राममधून मेलमधली फाइल उघडली. परवानगी मागितलीच नाही हो!"

पेढीची प्रमुख शाल्मली धावत त्याच्या संगणकापाशी आली. 'परवानगी द्यायची का?' या संगणकाच्या रोजच्या प्रश्नाला वैतागून तिनंच प्रोग्राम कायम पूर्ण अधिकारांनिशी उघडेल असं करून ठेवलं होतं. त्यातून उघडलेल्या या व्हायरसच्या फाइलीलाही तेच अधिकार मिळाले होते. तिनं नेटवर्कची वायर उपटली, पण नोंदी गेल्याच.

फोन वाजला. "ऑपरेशन थिएटरमधून बोलतोय. पेशंट बाईंचा रक्तस्राव थांबत नाहीये. काल त्यांच्याशी मुश्किलीनं जुळलेली रक्ताची पिशवी पाठवा."

त्याच गटाच्या पिशव्यांनी फ्रिज भरला होता. पण गट एक असूनही बाईंच्या रक्ताशी जुळलेली त्यातली कुठली, ते फक्त संगणकात होतं.

"पुन्हा जुळवावं लागेल, डॉक्टर. चूक माझी आहे. पाऊण तास द्या."

फोनमधून बाईंच्या ठोक्यांच्या मॉनिटरचा आवाज येत राहिला; शाल्मलीनं फ्रिजमधली पहिली पिशवी उचलली.